संकलनाच्या खोलीतली तेहेतीस वर्षं : विचारा, आठवेल ते सांगतो

रिवाइंडर

मध्यंतरी इथल्याच एका धाग्यावर 'शोले'च्या पन्नाशीनिमित्त गप्पा रंगल्या होत्या. गब्बर झाला, नाणं झालं, टाकी झाली, मावशी झाली. दीडशेच्या वर प्रतिसाद, आणि त्यात एम. एस. शिंदे हे नाव एकदाही नाही. वाईट वाटलं म्हणून हा धागा काढतोय.

माधव शिंदे 'शोले'चे संकलक, म्हणजे एडिटर. त्या वर्षीच्या फिल्मफेअरला चित्रपटाला नऊ नामांकनं होती आणि हाती बाहुली लागली ती एकच, संकलनाची. चित्रीकरण झालं होतं सुमारे तीन लाख फूट. ३५ मिमीची फिल्म मिनिटाला ९० फूट पळते, म्हणजे हे झाले पंचावन्न तास. त्यातून शिंद्यांनी सव्वातीन-साडेतीन तासांचा चित्रपट काढला. ठाकूरच्या कुटुंबाचं हत्याकांड आठवा. एकेक माणूस पडता पडता गोठतो, आणि शेवटी लहान मुलावर बंदूक रोखली की गोळीच्या आवाजावर आपण थेट रेल्वेत. मूल मरताना दाखवलेलं नाही. तरी पन्नास वर्षं लोक सांगतात, 'मुलाला मारतो ते बघवत नाही.'

मी स्वतः १९८३ साली सहाय्यक म्हणून लागलो आणि २०१६ ला थांबलो. मोठा संकलक वगैरे झालो नाही. चार चित्रपटांवर स्वतंत्र नाव, त्यातला एक डब्यातून बाहेरच आला नाही. बाकी सगळा काळ दुसऱ्यांच्या हाताखाली. पण खोली आतून पाहिली आहे. विचारा.

अर्धवट

वाचनखूण साठवली. पहिला प्रश्न, भोळाच आहे: सहाय्यक म्हणजे नेमकं काय करायचं? मला वाटायचं एक माणूस कात्री घेऊन बसतो आणि नको ते कापतो.

रिवाइंडर

@अर्धवट, कात्री हा त्यातला सगळ्यात छोटा भाग हो. पहिली दोन वर्षं मला कुणी कात्रीला हात लावू दिला नाही.

सकाळी लॅबमधून रश प्रिंटचे डबे यायचे. कॅमेऱ्यात जे उमटलं त्याची ही कच्ची पॉझिटिव्ह प्रत. सोबत आवाजाची मॅग्नेटिक फिल्म वेगळी. दोन्ही सिंक्रोनायझरवर, म्हणजे चित्र आणि आवाज बरोबरीनं पळवणाऱ्या यंत्रावर, शेजारी शेजारी चढवायच्या. चित्रात क्लॅपची पट्टी मिटते ती फ्रेम शोधायची, आवाजात 'टक' शोधायचा, दोन्हींवर ग्रीस पेन्सिलीनं फुली मारायची आणि जुळवायचं. असं प्रत्येक शॉटचं, प्रत्येक टेकचं. तेव्हा हिंदीत बहुतेक सगळं डबिंगवर असे, त्यामुळे त्या ट्रॅकवर संवादांपेक्षा कॅमेऱ्याची घरघर जास्त. त्या ट्रॅकला पायलट ट्रॅक म्हणायचे. सहा महिने ऐकलीत की स्वप्नातही घरघर येते.

मग रजिस्टर. शॉट क्रमांक, टेक, ओके की एन.जी. (नो गुड, म्हणजे बाद), फिल्मच्या कडेला छापलेला एज नंबर, आणि तो तुकडा कुठल्या डब्यात आहे. संकलक वळून बघतसुद्धा नसत, नुसता हात मागे करत: "तिचा वळून बघण्याचा, दुसरा टेक, शेपूट." म्हणजे त्या टेकच्या शेवटी उरलेला तुकडा. तो अर्ध्या मिनिटात हातात पडला नाही की खोलीतली हवा बदलायची. आमच्याकडे एक कापडी पोतं जोडलेली लोखंडी चौकट असे, वर खिळ्यांची रांग. तिला बिन म्हणत. खिळ्याला तुकडे लटकवायचे, शेपट्या पोत्यात लोंबायच्या. एका प्रसंगाचे शंभर-दीडशे तुकडे. ज्याला ते पाठ, तो चांगला सहाय्यक. धंदा खरा हा आहे: काय कुठे ठेवलंय ते लक्षात असणं. काय कापायचं ते नंतर.

चष्मिष्ट

थोडं अवांतर, पण राहवत नाही. 'संकलन' हा शब्दच मला खटकतो. संकलन म्हणजे गोळा करणं. कविता-संकलन, माहिती-संकलन. एडिटिंगला 'संपादन' का नाही?

रिवाइंडर

मला उलट तोच शब्द बरोबर वाटतो. वर लिहिलं तेच करतो आम्ही दिवसभर, गोळा करतो आणि जोडतो. पत्रकारितेतला संपादक आलेल्या मजकुरावर काम करतो. आमच्याकडे मजकूरच नसतो, अक्षरांचा ढीग असतो. अर्थात खोलीत हा शब्द कुणीच वापरत नसे. तिथे 'एडिटर' आणि आम्ही 'असिस्टंट', चहावाल्यासाठी 'कटिंगवाले'. (त्यावरून होणारे विनोद तुम्हीच कल्पून घ्या, सगळे झालेले आहेत.)

कोकणकन्या

शिंदे मराठी होते हे आज कळलं. आणखी होते का असे? सुरेख धागा, पुढच्या भागाच्या प्रतीक्षेत.

रिवाइंडर

@कोकणकन्या, जुन्या हिंदी चित्रपटांच्या श्रेयनामावलीत नट-नट्यांची नावं जाऊ द्या आणि 'एडिटेड बाय' येईपर्यंत थांबा. राज कपूरच्या 'आवारा'ला जी. जी. मयेकर. गुरुदत्तच्या 'प्यासा'ला वाय. जी. चव्हाण. शांतारामबापूंकडे चिंतामणी बोरकर. 'पाकिजा'ला डी. एन. पै. पडद्यावर पंजाब, लखनौ आणि खोलीत आपली माणसं.

मला विशेष माया वामन भोसल्यांबद्दल. गोव्यातल्या पोंबुर्प्याचे. १९५२ मध्ये मुंबईत आले, बॉम्बे टॉकीजमध्ये त्याच पैंच्या हाताखाली शिकले आणि मग फिल्मिस्तानमध्ये बारा वर्षं सहाय्यक. बारा! आताच्या मुलांना बारा महिने सांगितले तर चेहरे पडतात. राज खोसलांनी 'दो रास्ते' दिला, १९६९ साली, तेव्हा कुठे स्वतंत्र नाव लागलं. पुढे गुरुदत्त शिराळी यांच्याबरोबर जोडी जमली. (श्रेयनामावलीत ते नाव बघून 'गुरुदत्त तर १९६४ ला गेला ना?' असं मला आजवर तिघांनी विचारलंय. हे शिराळी, ते पदुकोण.) 'मेरा गाँव मेरा देश', 'आँधी', 'कर्ज', 'हीरो', यादी वाचताना धाप लागते, दोनशेच्या वर चित्रपट. संकलनाचा राष्ट्रीय पुरस्कार सुरू झाला तो १९७७ च्या चित्रपटांपासून, आणि पहिलाच गेला 'इन्कार'साठी या जोडीला. भोसले २०२१ च्या एप्रिलमध्ये गेले. कोविडचे दिवस होते, बातमी कुठे आली नि कुठे गेली कळलंही नाही.

मिक्सिंगवाला_मिरज

मालक, दंडवत. आम्ही पण तुमच्याच धंद्यातले, पण गल्लीतले. लग्नाच्या शूटिंगचं 'मिक्सिंग' करतोय पंचवीस वर्षं. आमच्याकडं एडिटिंग म्हणत नाहीत, मिक्सिंगच. सुरवात दोन व्ही.सी.आर. आणि एका मिक्सरवर. एकीकडं प्ले, दुसरीकडं रेकॉर्ड, बोट चुकलं की अख्खा मंगलाष्टकांचा भाग परत. नंतर संगणकावर एडियस सॉफ्टवेअर आलं आणि बोटाला सवड मिळाली.

आमचा एकच नियम, नवरदेवाचा मामा राहिला नाही पायजे. तुमचा गब्बर राहिला तर चालंल, मामा राहिला तर पैसे मिळत नाहीत. एकदा साडेतीन तासाच्या लग्नाचा मी चांगला चाळीस मिनिटाचा केला, माझ्या मते लई भारी. वधूपिता म्हणाला, "पैसे लग्नाचे घेतलेस आणि बारसं दाखवतोस व्हय?" परत साडेतीन तास करून दिला.

रिवाइंडर

@मिक्सिंगवाला_मिरज, हसून ठसका लागला. मामाचा नियम आमच्याकडेही होता बरं, फक्त मामाऐवजी निर्मात्याचा मेव्हणा.

आरामनगर

मी आत्ता या धंद्यात आहे, वय २९, वेब मालिका. काका, तुमच्याकडे तीन लाख फूट ही अचंब्याची गोष्ट होती. आमच्याकडे आठ भागांच्या मालिकेला तेवढं फुटेज पहिल्या तीन आठवड्यांतच येतं, कारण आता कुणी 'कट' म्हणतच नाही. कार्ड भरेपर्यंत कॅमेरा चालू. मग आम्ही तासन् तास बघायचं की नट खरंच अभिनय करतोय की पाणी मागतोय. फाइलींची नावं 'फायनल', 'फायनल_नवा', 'फायनल_खरंच'. आणि दिग्दर्शक खोलीत येतच नाही, लिंकवर बघून वेळ टाकून शेरे पाठवतो: '१४:०६ इथे काहीतरी होतंय, बघ.' काय होतंय ते नाही सांगत.

मला खरं विचारायचंय ते वेगळंच. कात्रीवरून संगणकावर आलात तेव्हा भीती वाटली का? सध्या आमच्याकडे रोज कुणीतरी म्हणतं, आता यंत्रच कापून देईल.

रिवाइंडर

@आरामनगर, वाटली. खोटं कशाला बोलू.

नव्वदीच्या मधोमध ॲव्हिड, म्हणजे संगणकावर संकलन करायची यंत्रणा, मुंबईत दिसायला लागलं. मी तेव्हा स्टीनबेकवर होतो, म्हणजे ते सपाट टेबल, सहा-आठ तबकड्या आणि मधे छोटा पडदा. त्यावर एक बदल करायचा म्हणजे जोड सोडवा, तुकडा काढा, दुसरा लावा, टेप मारा, आवाजाचंही तेच करा, मागे गुंडाळा, पुन्हा बघा. दहा मिनिटं सहज. त्या दहा मिनिटांत संकलक विचार करायचे. कधी कधी मी तुकडा शोधून देईपर्यंत म्हणायचे, "राहू दे रे, नकोच." ॲव्हिडवर तेच दोन सेकंदांत. त्यामुळे विचारायच्या आतच करून झालेलं असतं. हे बरं की वाईट ते मला अजून ठरवता आलेलं नाही. मात्र ते गुंडाळतानाचं गप्प बसणं मला आवडायचं.

भीती होती ती पोटाची. एका खोलीत आम्ही तीन सहाय्यक होतो, ॲव्हिड आल्यावर एकाची गरज उरली. निगेटिव्ह कापणारी माणसं तर साफ संपली. त्यांच्याबद्दल कुणीच लिहीत नाही, म्हणून दोन ओळी. आम्ही कापायचो ती प्रत. चुकलं तर लॅबमधून पुन्हा छापून आणता येई. ते कापायचे मूळ निगेटिव्ह. पांढरे सुती हातमोजे, धूळ नसलेली खोली, पंखासुद्धा बंद. आमच्या प्रतीवरचे एज नंबर वाचत तेच नंबर निगेटिव्हवर शोधायचे, कापायचं आणि सिमेंटनं जोडायचं. त्या जोडात फ्रेम खर्ची पडते, त्यामुळे चुकलात तर परतीचा रस्ताच नाही. कोटी कोटीचे सिनेमे ज्यांच्या मोज्यात असायचे त्यांचा पगार सांगितला तर तुम्हाला लाज वाटेल.

मी कीबोर्ड शिकलो चाळिशीच्या उंबरठ्यावर, माझ्यापेक्षा पंधरा वर्षांनी लहान मुलाकडून. त्याला फिल्मचा वास माहीत नव्हता, मला माउस धरता येत नव्हता. संध्याकाळी तो मला शॉर्टकट शिकवायचा आणि मी त्याला हे शिकवायचो की माणूस दारातून गेला की लगेच कापू नकोस, रिकामं दार जरा राहू दे. यंत्राचं काय होईल ते तुमची पिढी बघेल. रजिस्टर ठेवायची सवय तेवढी सोडू नका. तुमच्या त्या 'फायनल_खरंच'वरून कळतंय की सुटली आहे.

अर्धवट

+१. एखादा फजितीचा किस्सा येऊ द्या की.

रिवाइंडर

एकच सांगतो, याची अजून लाज वाटते.

लागल्याला वर्षही झालं नव्हतं. नायिकेचा एक क्लोजअप संकलकांनी आठ फ्रेमनं तोकडा केला. फूटभर फिल्मवर सोळा फ्रेम, म्हणजे आठ फ्रेम हा वीतभरही तुकडा नाही. पडद्यावर सेकंदाचा तिसरा हिस्सा. रात्री नऊला म्हणाले, "त्या आठ परत दे, पापणी अर्धवट राहतेय." मी खिळ्यावर बघितलं, नाही. पोत्यात बघितलं, नाही. पोतं उलटं केलं, जमिनीवर बसून एकेक तुकडा दिव्याला धरून बघितला. साडेअकरा झाले. सकाळी दहाला दिग्दर्शक येणार होते. संकलक काही बोलले नाहीत, चष्मा पुसून घरी गेले. मी शेवटची लोकल पकडून रडत घरी.

सकाळी उठलो तर आईनं पँट भिजत घातलेली. तेव्हा खाली दुमडलेल्या पँटची फॅशन होती. त्या दुमडीतून साबणाच्या पाण्यात आली वर, आठ फ्रेमची नायिका. नळाखाली धुतली, पंख्याखाली दोरीवर चिमट्यानं लावली. फिल्मवरचा लेप जरा फुगला होता. नऊला खोलीत जाऊन लावली. दिग्दर्शकांनी बघितलं आणि विचारलं, "इथे ती थोडी धूसर का दिसते?" आमचे साहेब शांतपणे म्हणाले, "भावना आहे."

लॅबमधून नवी प्रत आल्यावर ती बदलली अर्थात. पण त्या दिवसापासून दुमडीची पँट घातली नाही.

कोकणकन्या

😂😂 भावना आहे!

काका, बायका होत्या का हो या कामात? कॅमेऱ्यामागे तर त्या काळी दिसतच नसत.

रिवाइंडर

कमी होत्या. पण एक नाव असं की बाकीची उणीव भरून निघावी. रेणू सलुजा. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये शिकलेल्या, म्हणजे प्रभातच्या आवारात. मी ज्या वर्षी लागलो त्याच १९८३ मध्ये त्यांच्या हातचे दोन चित्रपट आले: 'जाने भी दो यारों' आणि 'अर्धसत्य'. दुसऱ्याची मूळ कथा आपल्या कथाकार श्री. दा. पानवलकरांची, पटकथा विजय तेंडुलकरांची. दोन्ही लागोपाठ बघा. एकात गोंधळ वाढत वाढत महाभारताच्या रंगमंचावर फुटतो, आणि तिथे कुणाच्या चेहऱ्यावर किती थांबायचं हे क्षणभर चुकलं असतं तर हसू मेलं असतं. दुसऱ्यात राग साठत जातो आणि त्या तो सांडू देत नाहीत. एकाच वर्षात, एकाच बाईनं. पुढे 'परिंदा', 'धारावी', 'सरदार' आणि 'गॉडमदर' यांच्यासाठी चार राष्ट्रीय पुरस्कार. २००० साली गेल्या, अजून किती तरी काम व्हायचं होतं. नंतर आरती बजाज, दीपा भाटिया, नम्रता राव अशी रांग लागली. 'कहानी'साठी नम्रता राव यांना राष्ट्रीय पुरस्कार आहे.

चष्मिष्ट

'चित्रपट संकलनाच्या टेबलावर वाचतो' असं नेहमी ऐकतो. खरं का?

रिवाइंडर

नाही. संकलकांना खूश करायला बोलतात ते. वाईट प्रसंग आम्ही लांबीला कमी करू शकतो, चांगला नाही करू शकत. जे चित्रितच झालेलं नाही ते कुठून आणणार? खिचडीत मीठ जास्त झालं तर पाणी घालता येतं, तांदूळच नसतील तर काय करणार.

मात्र सापडलेल्या गोष्टीचं काय करायचं ते सुचणं, हे आमचं. १९८३ चंच उदाहरण. 'कुली'च्या मारामारीत अमिताभला खरंच लागलं, अख्खा देश दवाखान्याकडे डोळे लावून होता. चित्रपटात तो शॉट येतो, चित्र गोठतं आणि इथेच दुखापत झाली असा मजकूर येतो. मनमोहन देसाईंच्या त्या चित्रपटाचे संकलक कोण होते सांगा? हृषीकेश मुखर्जी. 'आनंद', 'गोलमाल' करून मोठे दिग्दर्शक झालेले हृषीदा. मूळचे संकलकच, बिमल रॉयच्या 'दो बिघा जमीन' आणि 'मधुमती'चे.

आजीची_भाकरी

रोज वाचतेय, आज लिहितेय. माझी मुलगी बारावीत आहे. एडिटिंगच करायचं म्हणते. तिचे बाबा म्हणतात, मोबाइलवर रील कापता येतात म्हणजे करिअर होत नाही. यात पैसे किती मिळतात? स्पष्ट सांगा, राग नाही येणार.

रिवाइंडर

ताई, आकडा सांगत नाही, कारण तो माणसागणिक बदलतो. पद्धत सांगतो. पैसे हप्त्यांत येतात: करार करताना, कच्ची जुळणी झाल्यावर, लॉक झाल्यावर (म्हणजे संकलन पक्कं ठरल्यावर) आणि शेवटचा प्रदर्शनानंतर. शेवटचा हप्ता हा शब्दप्रयोग आहे असं समजून घरखर्च बेतायचा. मी एका चित्रपटावर चौदा महिने घालवले. शेवटचा हप्ता आला नाही आणि श्रेयनामावलीत माझ्या आडनावाच्या जागी दुसऱ्याच कुणाचं आडनाव. चित्रपटगृहात शेजारी बायको बसली होती. "हे कोण?" म्हणाली. निर्मात्याचं नाव विचारू नका.

पाठीचं दुखणं, डोळे, रात्रीची जेवणं, हे सगळं यात येतं. फिल्म इन्स्टिट्यूटला आधी पदवी लागते, त्यामुळे ती अगोदर होऊ दे. तोवर तिला एक काम द्या. घरात आजी असेल तर तिचं भाकरी करणं सलग दहा मिनिटं मोबाइलवर घ्यायचं, कुठेही न थांबवता. मग ते एका मिनिटात बसवायचं. गाणं लावायचं नाही, वेग वाढवायचा नाही. आणि भाकरीला वेळ लागला हे कळलं पाहिजे.

मिक्सिंगवाला_मिरज

ताई, फुलाफुलाचे इफेक्ट पायजे असतील तर माझ्याकडं चारशे आहेत. फुकट देतो.

रिवाइंडर

@मिक्सिंगवाला_मिरज, खबरदार.

आजीची_भाकरी

नऊ दिवसांनी येतेय. केलं तिनं. अकरा वेळा केलं, मला वाटतं. पण मला काही पटलं नाही. थापणं जेमतेम दोनदा दिसतं, फुगलेली भाकरी दिसतच नाही. मधे सासूबाई हात पिठाचा तसाच ठेवून खिडकीबाहेर बघतात, रस्त्यावरून काहीतरी गेलं होतं, तेच चांगलं पंचवीस सेकंद ठेवलंय. मागे तवा तापल्याचा आवाज येत राहतो. मी म्हटलं, अगं, भाकरी कुठाय? तर म्हणते, जळेल की काय असं वाटलं ना तुला? वाटलं खरं.

रिवाइंडर

ते पंचवीस सेकंद काढायला लावू नका. आता तिला म्हणावं, तेच पंधरात करून बघ. आणि दहा मिनिटांचं मूळ पुसलं नाही ना, ते आधी विचारा.